मुंगीचा पाय आणि बेचाळीस खुलासे

“मॅडम, तुम्ही स्वतः कधी चोरी केली आहे का?”

हा प्रश्न मी विचारला! भर सभागृहात, चारशे पोरांसमोर, माईक हातात धरून! आमच्या शाळेत कायद्याची माहिती द्यायला एक वकीलबाई आल्या होत्या, आणि हे विचारायची माझी छाती होणार नाही अशी मैत्रिणींनी पैज लावली होती. पैजेत वर्गातली खिडकीजवळची जागा लावली होती. मागच्या वर्षीची मी असते तर हजेरी देतानाही घाम फुटला असता. पण यंदा मी बदललेय. यंदा मी वक्तृत्वात तिसरी आलेय! (स्पर्धक चारच होते, पण ते असू दे.)

वकीलबाई हसल्या. “या प्रश्नाचं उत्तर न देण्याचा मला हक्क आहे,” त्या म्हणाल्या. सभागृह खदखदलं. मग त्यांनी समजावून सांगितलं, की ज्याच्यावर गुन्ह्याचा आरोप आहे त्याला स्वतःविरुद्ध बोलायला कुणी भाग पाडू शकत नाही. मारून नाही, धमकावूनही नाही. तो गप्प बसला म्हणून गुन्हेगार ठरत नाही. सिद्ध करायचं काम आरोप करणाऱ्याचं.

म्हणजे मला खिडकीही मिळाली आणि वर हा हक्क! नव्या बुटांसारखा तो घालून मी घरभर मिरवले.

“आंघोळ झाली का?” आईनं विचारलं.

“उत्तर न देण्याचा मला हक्क आहे!”

“झालेली नाही,” आई म्हणाली. “जा.”

हे सोमवारी. मंगळवारी मी मायक्रोस्कोप फोडला.

आमच्या प्रयोगशाळेत धड चालणारा मायक्रोस्कोप एकच. मला मुंगीचा पाय हत्तीच्या पायाएवढा बघायचा होता. मोठा स्क्रू जपून फिरवायचा असतो, हे मला माहीत होतं. मी तो नळाच्या तोटीसारखा फिरवला. कच्! भिंग खाली येऊन थेट मुंगीचा पाय ठेवलेल्या काचपट्टीवर बसलं आणि त्याला हा एवढा तडा गेला! मी इकडे तिकडे पाहिलं, मायक्रोस्कोपवर कव्हर ओढलं आणि शिट्टी वाजवत बाहेर पडले. मला शिट्टी येत नाही. नुसती हवा जात होती.

बुधवारी मोठ्या बाई, म्हणजे आमच्या मुख्याध्यापिका, वर्गावर आल्या. भिंग कुणी फोडलं? प्रत्येकानं लेखी खुलासा द्यायचा, आत्ताच्या आत्ता!

मी लगेच वर्गभर फिरवायला टाचणीला चिठ्ठी दिली. टाचणी म्हणजे माझी मैत्रीण, बोलणं टोचतं म्हणून टाचणी. सगळ्यांनी एकच वाक्य लिहायचं, असं चिठ्ठीत होतं.

“ज्यांनी काहीच केलं नाही त्यांनी पण?” ती कुजबुजली.

“हक्क सगळ्यांना असतो!”

खरं कारण सांगू? बेचाळीस कागदांत माझा कागद उठून दिसू नये, एवढंच.

मोठ्या बाई वाचायला लागल्या. “‘स्वतःविरुद्ध बोलायला मला कुणी भाग पाडू शकत नाही.’ बरं. पुढचा. ‘स्वतःविरुद्ध बोलायला मला कुणी...’ पुढचा! ‘स्वतःविरुद्ध बोलायला मला कुणी भाग पाडू शकत नाही, असं टाचणीनं लिहायला सांगितलं आहे.’”

बेचाळीसच्या बेचाळीस! त्यातला एक तर मंगळवारी तापानं घरी झोपला होता!

“म्हणजे एका भिंगावर बेचाळीस जण चढला होतात?” मोठ्या बाई म्हणाल्या. हसायची कुणाची हिंमत झाली नाही.

मग त्यांनी त्रेचाळिसावा कागद उघडला. तो लॅबकाकांचा होता, खुलासा त्यांनाही मागितला होता. लॅबकाका म्हणजे आमच्या प्रयोगशाळेचे परिचर. परीक्षानळ्या धुणं, कपाटं लावणं आणि आम्हाला आगीपासून वाचवणं, ही त्यांची कामं. “‘माझी चूक झाली, क्षमा असावी,’” मोठ्या बाईंनी वाचलं आणि कागदाची घडी घातली. “चला, एक तरी प्रामाणिक निघाला!”

मला इतकं हलकं वाटलं म्हणून सांगू! बरोबर एक तास.

गुरुवारी प्रयोगशाळेला कुलूप होतं. लॅबकाकांना घरी बसवलं होतं. शनिवारी समिती बसणार, आणि तिनं दोषी ठरवलं की नोकरी गेली. निवृत्तीला आठ महिने राहिलेला माणूस! आणि पैजेत जिंकलेली माझी खिडकी नेमकी कुठे उघडते? प्रयोगशाळेच्या दारासमोर. सात तास मी ते कुलूप बघत होते. आत त्यांचं स्टूल असेल, खिळ्याला बाटल्या घासायचा ब्रश असेल. वाळून कडक झाला असेल. डबा उघडावासा वाटला नाही. टाचणीसुद्धा टोचेनाशी झाली, म्हणजे बघा!

शुक्रवारी शाळा सुटल्यावर मी काकांच्या घरी गेले. एकच खोली, दोरीवर शाळेचा खाकी शर्ट वाळत घातलेला. काका मोरीशी बसून बाटल्या धूत होते. स्वतःच्याच, आणि धुतलेल्याच!

“काका, तुम्ही असं का लिहिलंत? तुम्ही काही केलेलंच नाही! तुम्हाला कुणी भाग पाडलं का?”

“कुणी नाही गं. माझ्या सगळ्या खुलाशांची पहिली ओळ तीच असते. नळ गळला, माझी चूक झाली. वीज गेली, माझी चूक झाली. खरं काय ते मी दुसऱ्या ओळीत लिहितो.”

“आणि या वेळी दुसऱ्या ओळीत काय होतं?”

“की भिंग मी फोडलेलं नाही. बाई पहिल्या ओळीवरच थांबल्या.”

“मग जाऊन सांगा ना त्यांना!”

“सांगितलं. त्या म्हणाल्या, मग कुणी फोडलं ते सांगा.” काकांनी बाटली उपडी ठेवली. “मी गप्प बसलो.”

मग त्यांनी फळीवरून कागदात गुंडाळलेलं काहीतरी काढून माझ्या हातात दिलं. काचपट्टी! मधोमध तडकलेली, पण लेबल शाबूत. लेबलवर माझ्या सर्वांत सुंदर अक्षरात: मुंगीचा उजवा मागचा पाय. खाली माझं पूर्ण नाव, इयत्ता दहावी ब, क्रमांक सतरा, मंगळवारची तारीख. आणि नावाखाली लाल शाईनं दोन रेघा!

“मंगळवारी सफाई करताना सापडली,” काका म्हणाले. “अक्षर छान आहे तुझं. कुणाला दाखवली नाही. तुझं दहावीचं वर्ष. जपून ने, काच लागेल.”

घरापर्यंतचा रस्ता वीस मिनिटांचा आहे. मला तो संपेचना.

संध्याकाळी बाबा कामावरून आले. ते कोर्टात टाइपिस्ट आहेत. बावीस वर्षं लोकांचे जबाब टाइप करतायत, त्यामुळे घरातही कुणी बोलायला लागलं की त्यांची बोटं टेबलाच्या कडेवर आपोआप चालतात.

“बाबा, समजा, एका मुलीनं...” मी सुरुवात केली. टकटक टकटक. मी भिंग सांगितलं, खुलासे सांगितले, काका सांगितले. मुंगीपाशी बोटं थांबली.

“एका मुलीनं की तू?”

“उत्तर न देण्याचा तिला हक्क आहे,” आई कपड्यांच्या घड्या घालता घालता म्हणाली. माझंच वाक्य!

“आहेच,” बाबा म्हणाले. “शाळा म्हणजे काही कोर्ट नव्हे, पण समजू आपण. माझ्यासमोर रोज माणसं येतात गं. घाबरलेली. आधी ‘चुकलं साहेब’ म्हणतात, मग काय झालं ते आठवतात. त्यांच्या पहिल्या ओळीवर कुणी थांबू नये, म्हणून हा हक्क. तुझ्या त्या काकांसारख्यांसाठी.”

मला वाटलं होतं, तो माझ्यासाठी आहे.

मी काचपट्टी टेबलावर ठेवली. वक्तृत्वात उभी राहते तशी ताठ उभी राहिले.

“आई, बाबा, मी ठरवलंय! उद्या समितीसमोर मी जाणार. मला कुणी भाग पाडलेलं नाही. पहिल्याच ओळीत लिहिणार आहे, भिंग मी फोडलं. दुसऱ्या ओळीत काकांची माफी मागणार आहे. आणि मी एकटी जाणार आहे, तुम्ही कुणी माझ्यासोबत यायचं नाही!”

टकटक टकटक. बाबांच्या बोटानं पूर्णविराम दिला.

“म्हणजे, आत यायचं नाही. दाराबाहेर थांबा. आणि दार उघडंच असू दे!”