पान त्र्याऐंशीला फसवतो

कमलकाकूंनी परत केलेलं पुस्तक मी खोडरबर हातात घेतल्याशिवाय उघडत नाही. पहिल्याच कोऱ्या पानावर पेन्सिलीनं लिहिलेलं असतं, ‘नवरा पान ८३ ला फसवतो. मैत्रीण पण सामील आहे. सावध.’

जुन्या जालन्यात एका कापडदुकानाच्या माडीवर आमचं वाचनालय आहे. मी तिथला ग्रंथपाल. काकू मागच्या गल्लीत ब्लाऊज शिवतात, म्हणून पेन्सिल कायम कानावर. त्यांना कादंबरी लागते ती फक्त फसवणुकीची. एकदा मी चुकून सुखी संसाराची दिली. चौथ्या दिवशी त्यांनी ती टेबलावर आपटली.

“सर, यात कोणी कोणाला फसवतच न्हाई. शेवटच्या पानापर्यंत वाट पाहून राह्यले मी.”

समासातही त्या गप्प बसत नाहीत. नायिका नवऱ्याचा डबा भरत असली की शेजारी लिहितात, ‘बाई, आधी त्याचे खिसे बघ.’ मी खोडायचो, त्या पुन्हा लिहायच्या.

“काकू, लोकांची वाचायची मजा जाते.”

“कशाची मजा? ती बिचारी फसून राह्यली, अन् तुम्हाला मजा?”

शेवटी एका वाचकानं लेखी तक्रार केली. वाचनालयाच्या बैठकीत काकूंचं सभासदत्व बंद करायचं ठरलं. कळवायचं काम अर्थातच माझ्याकडे. पत्र खिशात घालून मी त्यांच्याकडे गेलो आणि काय ठरलंय ते सांगितलं. मशीन थांबलं.

“मंग मी वाचू काय?” त्या म्हणाल्या. मग खालच्या आवाजात पुढे बोलल्या, “आमच्या मालकांचं दुसरं घर होतं, सर. अंबडला. एकोणीस वर्षं. ती बाई ब्लाऊज माझ्याकडंच शिवायची. मापाच्या वहीत नाव आहे तिचं. बाह्यांना लेस लावून द्यायची मी. मालक गेले तवा ती माझ्याशेजारी बसून रडायला आल्ती, तवा मला कळलं. गल्लीला आधीपासून माहीत होतं. एकानं तोंड उघडलं न्हाई.” त्यांनी दातानं दोरा तोडला. “पुस्तकातल्या बाईला दोनशे पानांत कळतं तरी. तेवढ्यासाठी वाचते. अन् पुढच्याला सांगून ठेवते.”

पत्र खिशातच राहिलं. काकू घरी भेटल्या नाहीत, असं मी पुढच्या बैठकीत सांगितलं. त्यांचं लिहिणं काही थांबलं नाही. त्यानंतर माझे दोन खोडरबर झिजले, आणि दर वेळी मी मनातल्या मनात चिडलो.

श्रावणात माझी पत्नी गेली. महिनाभर मी वाचनालयात गेलो नाही. पुन्हा कुलूप उघडलं त्या दिवशी पहिल्या आल्या त्या काकूच. विचारपूस केली नाही, सांत्वन केलं नाही. सरळ कपाटापाशी गेल्या, ती सुखी संसाराची कादंबरी शोधून काढली, उभ्याउभ्याच पहिल्या पानावर काहीतरी लिहिलं, पुस्तक माझ्यापुढे ठेवलं आणि जिना उतरल्या.

मी सवयीनं खोडरबर उचलला आणि पान उघडलं.

‘यात बायको मरत न्हाई. शेवटपर्यंत बघितलं आहे. निवांत वाचा.’