रविवारची मुकी

आमची कार्मीन रविवारी मुकी होते. सकाळी आठ वाजून पाच मिनिटांनी चर्चच्या पायऱ्या उतरता उतरता तिचं तोंड जे बंद होतं ते होतंच. त्या वेळात पायाशी साप आला तरी ती 'साप' म्हणणार नाही, नुसतं बोट दाखवील आणि वळसा घालून पुढे जाईल. तुम्हाला यात नवल वाटायचं नाही, कारण तुम्ही तिला सोमवार ते शनिवार ऐकलेलं नाही.

सव्वीस वर्षं ती मालवण-कणकवली लाल गाडीवर कंडक्टर होती. मागच्या बाकावर झोपलेल्यालाही जाग यावी असा आवाज. निवृत्त झाली, पण आवाज काही निवृत्त झाला नाही. घरात ती एकटी, पण बोलते पंचावन्न माणसांना ऐकू जाईल असं. सकाळी चुलीपाशी मांजराला म्हणते, "चला, पुढे सरका, पुढे जागा आसा." वेळ विचारली तर आधी घड्याळ सांगते आणि मग "पाच मिनिटं लेट" असं जोडते. कशाला लेट, ते विचारायचं नाही. आणि कुठूनही निघताना दोनदा ठोकते. डबल बेल. माझ्या घरून निघाली की दारावर टक टक. डॉक्टरांकडून निघाली की त्यांच्या टेबलावर टक टक. मिस्सा, म्हणजे रविवारची उपासना, संपून फादरांनी आशीर्वाद दिला की पुढच्या बाकाच्या पाठीवर टक टक. म्हणजे, देवा, सोड आता गाडी.

तर अशी बाई मुकी कशी झाली ते सांगते.

माझ्या लहानपणी चर्चमध्ये आम्हा बायांचं काम काय, तर गुडघे टेकायचे, फुलं लावायची आणि फेस्ताच्या, म्हणजे चर्चच्या सणाच्या, आदल्या दिवशी झाडू मारायचा. बाकी सगळं पाद्रीबाबांचं. पवित्र भाकरीला त्यांच्याशिवाय कोणी बोट लावायचं नाही. आता आमच्या फादरांकडे तीन गावं, मोटरसायकल एक आणि पाठीचं दुखणं. ते स्वतःच सांगायला लागले की प्रापंचिकांनी, म्हणजे तुमच्या-माझ्यासारख्या घरसंसारातल्या माणसांनी, पुढे यायला हवं. बायबलचं वाचन बायका करायला लागल्या. मुली वेदीवर सेवेला उभ्या राहिल्या. मी तर पहिल्यांदा पाहिलं तेव्हा घरी येऊन चहात दोनदा साखर घातली, इतका आनंद झाला. मग एक दिवस फादर म्हणाले, आजारी माणसांना घरी जाऊन कम्युनियन, म्हणजे ती पवित्र भाकर, द्यायला कोणी हवंय. पुरुषमाणसं आपापल्या चपला न्याहाळायला लागली. आणि मधल्या बाकावरून एक हात वर गेला, गाडी थांबवायला करतात तसा. कार्मीन.

त्यासाठीच्या शिकवणीच्या शिबिरात फादरांनी सांगितलं की प्रभू बरोबर असताना वाटेत गप्पा मारत उभं राहायचं नाही. कार्मीनने विचारलं, म्हणजे कितपत बोललं तर चालेल? फादर हसून म्हणाले, "तुम्ही अजिबात न बोललात तर बरं." ते गंमतीत म्हणाले. पण कंडक्टरला नियम म्हणजे नियम. डबीत पवित्र भाकर आहे तोवर, भाकर देतानाचे शब्द सोडले तर, तोंड बंद, डबी रिकामी झाली की उघडं. आपला जुना खाकी युनिफॉर्म कापून तिने त्या छोट्या सोनेरी डबीसाठी गळ्यात घालायची पिशवी शिवली, आणि मार्ग आखला. चार घरं, चार थांबे, प्रत्येकाची वेळ ठरलेली.

पहिल्या दिवशी मिस्सेत फादरांनी तिला आपल्या शेजारी कम्युनियन द्यायलाही उभं केलं. सुरुवातीच्या पाच-सहा जणांना तिने नीट म्हटलं, "ख्रिस्ताचं शरीर." मग कोणीतरी मागून ढकललं, आणि कार्मीनच्या तोंडून गेलं, "एकेक, एकेक. घाई नको, सगळ्यांका मिळतला." फादरांना खोकला आला. पण खरी गोष्ट ती नव्हे. खरी गोष्ट अशी की फादरांची ओळ दरवाजापर्यंत गेली होती आणि कार्मीनच्या पुढे मोजून सहा-सात माणसं. मी कुठे होते? मी फादरांच्या ओळीत होते. पंचेचाळीस वर्षांची मैत्रीण, आणि ऐन वेळी पाय तिकडे वळले. संध्याकाळी ती माझ्याकडे आली, चहा प्यायली आणि म्हणाली, "फिलू, तुमची गाडी भरून गेली. माझी रिकामी." दारावर टक टक, आणि गेली. माझ्या घशात बिस्किट अडकलं ते अजून पुरतं उतरलेलं नाही.

तर रविवारचा हा अबोला गावाला कळला, आणि गावाने त्याचा पुरेपूर फायदा घेतला. किराणा दुकानवाला बाबल, ज्याला आठवडाभर कार्मीनपुढे एक वाक्य पुरं करता येत नसे, तो रविवारी आठ वाजून दहा मिनिटांनी दुकानाच्या फळीवर येऊन उभा राहायचा. "कार्मीनबाय, तुझ्या कोंबडेन माझो लाल भाजयेचो वाफो उकरल्यान. तू भर बाजारात माझी नालस्ती करतंस. वर नारळ पण माझ्या अंगणात पडता तो तुझो म्हणतंस." सगळं एका दमात. कार्मीन डोळे वटारून पुढे. पण परतीच्या वाटेवर डबी रिकामी असायची. मग ती एकेका थांब्यावर थांबून एकेकाला उत्तर द्यायची, काही विसरायची नाही. बाबल तेवढ्या वेळापुरतं शटर ओढून घ्यायचा.

आणि मग बस्त्यांवकाका विहिरीपाशी पडले.

बस्त्यांवकाका म्हणजे आमच्या चर्चचे जुने सेवेकरी. चाळीस वर्षं घंटा त्यांची, मेणबत्त्या त्यांच्या, फादरांच्या झग्याची इस्त्री त्यांची. पूर्वी पाद्रीबाबा आजाऱ्याकडे कम्युनियन घेऊन जायचे तेव्हा पुढे हातघंटा वाजवत बस्त्यांवकाका चालायचे, आणि आम्ही जिथे असू तिथे गुडघे टेकायचो. आता खाटेवर पडलेले, मुलगा मुंबईला, घरी सून. कार्मीनने त्यांना पाचवा थांबा केला. अगदी शेवटचा, खाडीकडच्या टोकाला. पहिल्या रविवारी त्यांनी तिला पाहिलं आणि भिंतीकडे तोंड फिरवलं.

"बायलमाणसाच्या हातान? माझ्यार अजून तसलो दिस येवक नाय."

कार्मीनने ठरलेली पाच मिनिटं उभं राहून काढली आणि निघाली. आता पंचाईत बघा. डबीत एक भाकर उरली. म्हणजे तोंड उघडायचं नाही. म्हणजे परत चर्चपर्यंत, ती भाकर आत ठेवीपर्यंत, मुकीच. आणि रविवारचा हिशेब सोमवारी काढायचा नाही, हाही तिचाच नियम. त्या दिवसापासून कोणालाही उत्तर मिळेना. दुसऱ्या रविवारी तेच, तिसऱ्या रविवारी तेच. सात महिने. सगळ्या वाडीचे निकाल एका म्हाताऱ्याच्या बंद तोंडामुळे रखडले. बाबल तर मला म्हणाला की फिलूमावशी, त्या बस्त्यांवाक सांगा, माझ्या वाफ्याचा काय ता एकदा होऊन जाऊंदे.

पण हळूहळू एक वेगळंच होऊ लागलं. उत्तर मिळत नाही हे लोकांना आवडायला लागलं. तारामावशी, जिचा मुलगा फोन करत नाही, ती रविवारी फाटकापाशी येऊन त्या मुलाबद्दल बोलायची. आम्ही बाकीच्या तिला लगेच सल्ले द्यायचो. कार्मीन नुसती उभी राहायची. मग आणखी कोणी, मग आणखी कोणी. बाबलसुद्धा वाफा सोडून आपल्या गुडघ्याबद्दल, मग भावाबद्दल बोलायला लागला. आणि बस्त्यांवकाका? तेही भिंतीकडे तोंड करून बोलायचे. तिला नव्हे, भिंतीला. "आमच्या टायमाक घंटा फुडे चलायची. लोक वाटेर गुडघे टेकायचे. आता देव येता काय पोस्टमन येता, कळाक मार्ग नाय." पाच मिनिटांची पंधरा झाली. वेळापत्रक कोलमडलं, तरी कार्मीन उभी.

काकांची सून फादरांकडे गेली. सासरे आमच्याशी चकार शब्द बोलत नाहीत, म्हणाली, आणि त्या बाईला सगळं सांगतात. ती रस्त्यावर लोकांची कुमसारं ऐकते. कुमसार म्हणजे पापांची कबुली, आणि ती ऐकायचा अधिकार फक्त पाद्रीला. साधा आरोप नव्हे. दरवर्षी फेस्ताला फादर तिच्या सेवेचा परवानगीचा कागद नवा करतात, आणि फेस्त महिन्यावर आलेलं.

फादरांनी तिला बोलावलं, मलाही बोलावलं. कार्मीन उभ्यानेच म्हणाली, "फादर, मी कोणाक माफ करणंय नाय. माफी तुमच्याकडेच आसा. मी फकत ऐकतंय. त्येका पण कागद लागता?"

फादरांनी हातातल्या पेनाला टोपण लावलं. मग म्हणाले की फेस्तापर्यंत बघू, तोवर फिलोमिनाने तुमच्याबरोबर जावं, म्हणजे कोणाला बोलायला जागा राहणार नाही. नियम दोघींना तोच.

मला. दोन तास गप्प बसायला. माझ्या आईने मला जन्मतःच रडताना पाहून म्हटलं होतं म्हणे, की ही बोलायचीच घाई करतेय.

पहिल्या रविवारी माझं पोट फुगलं. बाबलने आपल्या भावाची गोष्ट सांगितली तेव्हा माझ्याकडे तीन उत्तरं तयार होती, तिन्ही गिळली. परत येताना ध्यानात आलं की इतकी वर्षं मी त्याच्या भावाबद्दल बोलत होते, पण ही गोष्ट कधी ऐकलीच नव्हती. त्या दिवशी चर्चमध्ये डबी ठेवून झाल्यावर कार्मीन सेवेकऱ्यांच्या जुन्या कपाटात बराच वेळ खुडबूड करत राहिली. फादरांना काहीतरी विचारून आली.

फेस्ताला तिला कागद मिळाला, आणि तिच्या मागोमाग मलाही एक मिळाला, हे आधीच सांगून टाकते. कारण माझ्या लेखी गोष्ट त्याच्या आधीच्या रविवारी संपली.

त्या रविवारी पायऱ्यांवर तिने माझ्या हातात काहीतरी दिलं. पितळेची हातघंटा, चिंचेने घासून लख्ख केलेली. पुढे चाल, अशी खूण केली. मी चालू लागले. वाजवू लागले. काय सांगू, वाट बदलली. बाबल फळीवरून खाली उतरला, डोक्यावरची टोपी काढून हातात धरली, आणि एक अक्षर बोलला नाही. तारामावशीने फाटकाआडून हात जोडले. माझे पाय जमिनीला लागत नव्हते. सहासष्टाव्या वर्षी मी शाळेच्या मिरवणुकीतल्या पोरीसारखी चालले होते, आणि मागून कार्मीन, छातीशी खाकी पिशवी धरून.

काकांच्या अंगणात पोचलो तर आतून आवाज आला.

"कोण वाजवता ती? अशी वाजवतत? बर्फवालो इलो काय?"

मी आत गेले. काका खाटेवर कोपरावर उठून बसायला बघत होते. सून धावली, पाठीशी उशी दिली. त्यांनी हात पुढे केला. मी घंटा दिली. दांडा नीट मुठीत धरून त्यांनी तीनदा वाजवली, थांबले, पुन्हा तीनदा. तशी घंटा मी लहानपणी वाटेवर गुडघे टेकून ऐकली होती. मला गुडघे टेकावेच लागले. सूनही बसली. आता घंटा झाली, पुढे देव आला, आणि वाजवणारा स्वतःच भिंतीकडे तोंड कसं फिरवणार? काकांनी कार्मीनकडे पाहिलं. मग डोळे मिटले आणि तोंड उघडलं.

"ख्रिस्ताचं शरीर," कार्मीन म्हणाली. एवढ्या हळू आवाजात मी तिला आयुष्यात बोलताना ऐकलं नव्हतं.

"आमेन."

डबी रिकामी झाली. सात महिन्यांनी. मी वाट बघायला लागले, कारण आता तिला बोलायला मोकळीक होती, आणि काकांचे सात महिन्यांचे टोमणे तिला तारीखवार पाठ असणार. तिने तोंड उघडलंही. पण काका आधी बोलले.

"मी खूप बोललंय. आता तू बोल. मी ऐकतंय."

कार्मीन उभीच राहिली. मग खाटेजवळच्या स्टुलावर बसली. हे तिला कोणी कधी म्हटलं नव्हतं. मीही नाही. आम्ही सगळे ती बोलते म्हणून रेडिओ बंद करायचो, पण बोल असं कोणी म्हटलं नव्हतं.

"पास्कू गेलो तो रविवार होतो," ती म्हणाली. पास्कू तिचा नवरा. "सकाळी माका म्हणालो, फादरांका बोलव, माका कम्युनियन व्हया. फादर दुसऱ्या गावात गेलले. माझी ड्युटी होती. मी म्हटलं, दुपारी गाडी सोडलंय की फादरांका घेवनच येतंय. दुपारपर्यंत लोकांका सांगत होतंय, पुढे सरका, पुढे सरका." ती पदराने डबी पुसत राहिली, पुसायला त्यात काही नव्हतं. "गाडी टायमार इली, बस्त्यांवकाका. मीच लेट झालंय."

सुनेने माझ्याकडे पाहिलं. माझ्याकडे सांत्वनाची निदान दहा वाक्यं तयार होती. मी ती गिळली. एवढं तरी मी त्या रविवारांत शिकले होते.

काका भिंतीकडे वळले नाहीत. मांडीवरची घंटा त्यांनी उचलली, आणि वाजवली. तीनदा नव्हे.

टण टण.

कार्मीन उठली. सवयीने तिचा हात दाराच्या चौकटीकडे गेला होता, तो तिने अर्ध्यावरूनच मागे घेतला. बेल झाली होती.