डागासमोरची बाजू

गोविंदकाका कुणाकडेही गेले की आधी यजमानाला डोळे मिटायला लावत. मग रिकामा चौरस ट्रे पाव वळसा फिरवून विचारत, "की फिन सांजे?" म्हणजे आमच्या बेटाच्या बोलीत, काय बदललं? यजमान म्हणे, काहीच नाही. काका खूश. "फिरवला, तरी तसाच. हीच सममिती."

ते बेटाच्या दक्षिण किनाऱ्यावरच्या सूयाक गावी कॉलेजात गणित शिकवत. बेटाला स्वातंत्र्य मिळून दहा वर्षं होत आली होती तेव्हा मी तिथल्या शाळेत शिक्षिका झाले आणि काकांकडे राहू लागले. काकू आदल्याच वर्षी गेल्या होत्या.

पहिल्या संध्याकाळी त्यांनी पुठ्ठ्याचा चौरस कापून माझ्या हाती दिला. तो आपल्याच जागेत नेमका बसवायच्या आठ हालचाली: चार फिरवण्याच्या, चार उलटवण्याच्या. कुठल्याही दोन पाठोपाठ केल्या तरी उत्तर त्या आठांतलंच. प्रत्येकीला उलट फिरवणारीही त्यांतच. आणि एक हालचाल म्हणजे काहीच न करणं.

"तीसुद्धा मोजायची," काका म्हणाले. शेजारी उसाच्या मळ्यावर सरदार होते, म्हणजे मुकादम. ते म्हणाले, "मास्तर, हे माझ्या माणसांना सांगू नका."

मग काकांनी पुठ्ठा फेकून दिला. "आता फक्त हालचाली धर. वस्तू गेली तरी त्या राहतात." मला अमूर्त विचार कळला तो त्या दिवशी.

गणेशचतुर्थीला भटजींनी विचारलं, चौरंगाची पुढची बाजू कुठली? काका म्हणाले, "चौरंगाला पुढं-मागं नसतं, गणपतीला असतं."

त्यांचे उपकार थोडे तरी फेडावेत म्हणून मी एकदा सुतार बोलावला. जेवणाच्या चौरस टेबलावर एका बाजूला मोठा काळा डाग होता, तो रंधून काढायचा होता. सुतारानं रंधा टेकवला, तोच काका देवळातल्या मराठीच्या वर्गावरून परतले. त्यांनी डागावर तळहात ठेवला.

"राहू दे गो."

मी म्हटलं, टेबल नव्यासारखं होईल, चारी बाजू सारख्या.

"तेच नको. तुझ्या काकूनं आपल्या पुढ्यात गरम कढई ठेवली होती. सगळ्या सारख्या झाल्या, तर तिची कुठली, मला कसं कळणार?"

सुतारानं रंधा पिशवीत घातला.

काकांना जाऊन चार महिने झाले. टेबल आता माझ्याकडे आहे. मी अजून त्या दोघांच्या बाजू सोडून माझ्या नेहमीच्या तिसऱ्या बाजूला बसूनच वह्या तपासते. काकांच्या बाजूवर कसलीच खूण नाही. पण ती सापडते: डागाच्या बरोबर समोरची.