सुटकेचा भोंगा

ज्या वर्षी ताईच्या मुलीचं लग्न ठरलं, मोडलं आणि दोन महिन्यांनी त्याच मुलाशी पुन्हा ठरलं, त्या वर्षीची ही हकिकत. त्या सगळ्या गोंधळातून वेळ काढून ताईनं फोनवर सांगून टाकलं, "लग्न उरकलं की आईला मी कायमची माझ्याकडे नेणार. तुझ्याच्यानं होत नाही!"

धाकट्याला ते फार लागलं. त्याला सगळे धाकटाच म्हणत. वय बावन्न, डोक्यावर केस मोजून चाळीस, पण धाकटा! काम लिफ्ट दुरुस्तीचं. सत्तावीस वर्षांत बंद पडलेल्या लिफ्टमधून त्यानं वकील काढले, बाळंतीण काढली, एकदा तर कपाटासकट कपाट वाहणारे दोघे काढले. छाती पुढे काढून तो सांगायचा, "अडकलेलं माणूस बाहेर काढणं हा आपला धंदा! आजवर एकही आत राहिलेलं नाही!"

"अगं पण आईला इथे काय कमी आहे?" त्यानं ताईला विचारलं.

"ती दिवसभर खिडकीत बसून वाळत चाललीय. शेवटची घराबाहेर कधी नेलीस तिला?"

"दवाखान्यात."

"बघ!"

"ऐक. या रविवारी मी तिला मस्त फिरवून आणतो. तू संध्याकाळच्या गाडीनं ये. सहा वाजता आई टेबलाशी हसत बसलेली दिसली, तर ती माझ्याकडे राहणार. नाही दिसली तर तू ने!"

"कबूल," ताई म्हणाली. शाळेत मुख्याध्यापिका होती ती. एवढ्या घाईनं कधी कशाला कबूल म्हणायची नाही. तिथेच त्यानं सावध व्हायला हवं होतं.

बाग नको, सिनेमा नको, काहीतरी खास हवं, म्हणून धाकट्यानं वर्तमानपत्र चाळलं. कोपऱ्यात जाहिरात होती. युद्धकाळातलं आपलं शहर. पायी फेरी, दीड तास, पाच ठिकाणं, शेवटी चहा. धाकट्याच्या डोक्यात लख्ख उजेड पडला. युद्धात आई नऊ वर्षांची होती, आणि याच शहरात होती! त्या दिवसांबद्दल ती कधी चकार शब्द बोलली नव्हती. बिचारीला कुणी विचारलंच नसेल, असं त्याला वाटलं.

"मला माझंच शहर दाखवणार? तिकीट काढून?" आई म्हणाली.

"अगं, मजा येईल!"

"युद्धाची?"

धाकट्यानं तिच्या चपला शोधायला सुरुवात केली.

दुपारी एक वाजता चौकात या दोघांखेरीज चौदा माणसं जमली. गाइडबाई पन्नाशीच्या, हातात उघडलेली पिवळी छत्री. ऊन नव्हतं, पाऊस नव्हता. छत्री आपली खूण म्हणून. मंडळींत गळ्यात भलामोठा कॅमेरा अडकवलेला एक गृहस्थ होता, एक नवं लग्न झालेलं जोडपं होतं, आणि गणिताचे एक निवृत्त मास्तर होते.

"या भिंतीपाशी," गाइडबाई म्हणाल्या, "लोक पहाटेपासून पिठासाठी रांगेत उभे राहत."

"पिठासाठी नाही, रॉकेलसाठी," आई म्हणाली. "पीठ पुढच्या चौकात. आणि पहाटेपासून नाही, आदल्या संध्याकाळपासून."

गाइडबाईंनी वही काढून लिहून घेतलं.

दुसऱ्या ठिकाणी त्या म्हणाल्या की हा पूल बॉम्बनं पडला. आई म्हणाली, "बॉम्बनं कसला! कंत्राटदारानं. बॉम्ब नदीत पडला होता." मंडळी खो खो हसली. तिसऱ्या ठिकाणापर्यंत पिवळी छत्री एकटीच पुढे चालली होती आणि सगळे आईभोवती! कॅमेरेवाल्यानं तिचे इतके फोटो काढले की एखाद्या वधूचेही निघत नाहीत. आई चक्क हसत होती! धाकट्यानं एक फोटो ताईला पाठवला. खाली लिहिलं, "बघ!"

चौथं ठिकाण म्हणजे एका जुन्या शाळेचं तळघर. हल्ला झाला की सगळी गल्ली त्यात उतरायची. अंगण ओलांडून, बावीस पायऱ्या उतरून आत गेलं की लोखंडी दार, दाराला हाताएवढा जाड अडसर, आणि भिंतीकडेनं लाकडी बाकं. अंगणातच आईचं हसू थांबलं होतं. धाकट्याच्या ते लक्षात आलं नाही, कारण त्याचं लक्ष टेबलावरच्या यंत्राकडे गेलं होतं. हातानं फिरवायचा भोंगा! पत्र्याच्या डब्यात पंखा, दोन दातेरी चाकं, बाजूला दांडा.

"वर-खाली, वर-खाली वाजला तर धोका," गाइडबाई सांगू लागल्या. "एका सुरात दोन मिनिटं वाजला तर सुटका. कुणाला फिरवून बघायचंय?"

"यंत्र आहे ना? द्या इकडे!" धाकटा म्हणाला.

"दांडा जरा हळू..."

हळू कसला! धाकटा लिफ्ट ओढायच्या ताकदीनं फिरवू लागला. दमला की सूर खाली, जोर लावला की वर. वर-खाली, वर-खाली! त्या बंद खोलीत असा आवाज घुमला की छताचा चुना मंडळींच्या डोक्यावर पिठासारखा पडला. मग कट्‍ असं काहीतरी झालं, आणि दांडा धाकट्याच्या हातात आला. सुटा!

त्या शांततेत दुसरा आवाज आला. आईनं दार लावलं होतं. अडसर घातला होता. आणि ती दाराला पाठ लावून खाली बसली होती.

"सगळे खाली बसा," ती म्हणाली. "डोकं गुडघ्यात."

मंडळींनी टाळ्या वाजवल्या! कॅमेरेवाला म्हणाला, "वा! तिकिटात हेही होतं!" आणि सगळे हौसेनं खाली बसले. पाच मिनिटं गेली. दहा गेली. नवरी म्हणाली, "अहो, माझ्या पायाला मुंग्या आल्या."

"आजी, फारच छान," गाइडबाई म्हणाल्या. "आता चहाला जाऊ या."

"सुटकेचा भोंगा झाला?"

"नाही, पण..."

"मग जायचं कसं?"

"आजी, चहा गार होतोय!"

"होऊ दे. गार चहानं कुणी मरत नाही."

धाकटा तिच्याजवळ उकिडवा बसला. लहान मुलाशी बोलावं तसा म्हणाला, "आई, आज कोणता वार?"

"रविवार. तुझी बहीण सहाला येणार आहे. आणि तू माझ्याशी असा बोलू नकोस, मला वेड लागलेलं नाही." ती सगळ्यांकडे बघून म्हणाली, "धोक्याचा भोंगा ज्यानं दिला, सुटकेचा त्यानंच द्यायचा. तोवर दाराजवळचं माणूस दार उघडत नाही. नियम आहे."

धाकट्यानं तिच्या काखेत हात घालून तिला उचलून बघितलं. तिनं एक चापट मारली. बावन्न वर्षांच्या माणसाला, चौदा जणांसमोर!

मग दुरुस्ती सुरू झाली. दांडा आसाला जोडणारी खीळ तुटली होती. एवढीशी खीळ! पण धाकट्याची अवजारांची पेटी घरी, आणि तळघरात फोन लागत नव्हता. नवरीच्या केसातला आकडा घातला, तो वाकला. पेन्सिल घातली, तिचा भुगा झाला. किल्ली आत शिरेना. तीन वाजले.

मास्तरांनी एक युक्ती काढली. सगळ्यांनी मिळून तोंडानंच एका सुरात आवाज काढायचा! चौदा जण "ऊऊऊ" करत उभे राहिले, पोट दुखणाऱ्या बैलांसारखे. चाळीस सेकंदांत मास्तरांनाच ठसका लागला.

"भोंगा दम घेत नाही," आई म्हणाली.

चार वाजले. नव्या जोडप्याचं पहिलं भांडण तिथेच झालं. ही फेरी कुणाच्या आईनं सुचवली होती यावरून! रुसून जायला दुसरी खोलीही नव्हती, म्हणून दोघं एकाच बाकावर पाठीला पाठ लावून बसली. गाइडबाईंनी पाचव्या ठिकाणाची माहिती बसल्या जागी सांगून टाकली. ती कुणी ऐकली नाही.

इकडे वर शाळेच्या पहारेकऱ्यानं भोंगा ऐकला होता. चार वाजून गेले तरी कुणी वर येईना, तळघराचं दार आतून बंद दिसलं, हाका मारून कुणी उघडेना, तेव्हा त्यानं बंबवाल्यांना बोलावलं. बंब आला. कसा आला? भोंगा वाजवत! वर-खाली, वर-खाली!

"बघा!" आई ओरडली. "दुसरी फेरी! डोकी खाली!"

आणि चौदाही जणांनी डोकी खाली घातली. मास्तरांनीसुद्धा!

"दार उघडा!" बाहेरून बंबवाल्यांचा मुख्य गरजला.

"सुटकेचा भोंगा झाल्याशिवाय नाही!"

"कोण बोलतंय?"

"दाराजवळचं माणूस!"

"दार तोडावं लागेल!"

"नको हो!" धाकटा किंचाळला. "दाराला आई टेकलीय!"

साडेपाच वाजून गेले होते. ताई स्टेशनातून घरी निघाली असेल. आई जाणार! आपल्या हातानं आपण तिला घालवली! तिची खुर्ची, तिचा खोकला, सकाळी तिनं आपल्या डब्यावरून घातलेला वाद, सगळं जाणार. तो तिच्या शेजारी फरशीवर मटकन बसला.

"आई, का गं असं करतेस?" तो हळूच म्हणाला. "ताई तुला घेऊन जाईल ना."

आई म्हणाली, "मला भाऊ होता."

"कुणाला?"

"मला. सहा वर्षांचा. त्यालाही धाकटाच म्हणायचे."

आईनं खालच्या फरशीवर हात टेकला.

"याच तळघरात होतो. त्याला तहान लागली म्हणून रडत होता. वर सगळं शांत झालं होतं. सुटकेचा भोंगा झाला नव्हता, पण मोठी माणसं म्हणत होती की भोंगेवाल्याला डुलकी लागली असेल. दाराजवळ मी होते. नळ अंगणात, पायऱ्या चढल्या की अकरा पावलांवर. मी अडसर काढला. म्हटलं, पळत जा नि पळत ये."

"मग?"

"मग दुसरी फेरी आली."

बाहेर बंबवाला ठोकत होता, त्याचं ठोकणं थांबलं. त्यानंही ऐकलं असावं.

आईनं पिशवीत हात घातला आणि लोकर विणायची लोखंडी सुई काढली. "ही चालते का बघ."

"आई! ही तीन तास तुझ्याजवळ होती?"

"तू विचारलंस का?"

सुई बरोबर बसली. धाकट्यानं वरचं टोक वाकवलं आणि दांडा धरला. पहिल्या खेपेला सूर हलला. "परत," आई म्हणाली. दुसऱ्यांदा त्यानं श्वास धरून, खांदा न हलवता, एकाच गतीनं फिरवायला घेतलं. आई ओठांतल्या ओठांत आकडे मोजत होती. मास्तर घड्याळ धरून उभे होते. दोन मिनिटं! तो सूर एकदाही वर गेला नाही, एकदाही खाली आला नाही. धाकट्याच्या डोळ्यांतून पाणी येत होतं, पण पुसायला हात मोकळा नव्हता.

आई उठली. अडसर तिनं स्वतः काढला.

बाहेर कुऱ्हाड घेतलेला बंबवाला. त्याच्या मागे पहारेकरी. आणि पायऱ्यांच्या वरच्या टोकाला, हातात बॅग घेऊन, ताई! घरी टेबलाशी आई नाही, धाकटाही नाही, म्हणून धाकट्याच्या बायकोनं जाहिरातीतली ठिकाणं बघून तिला इकडे पाठवलं होतं. सहा वाजून दहा मिनिटं झाली होती.

"दीड तासाची फेरी!" ताई एवढंच म्हणाली.

आई तिच्याजवळून पुढे गेली. पायऱ्या संपल्यापासून एकेक पाऊल मोजत अंगणात चालली. अकराव्या पावलावर थांबली. तिथे आता नळ नव्हता, मुलांच्या सायकली लावायचे लोखंडी गज होते. त्यांतल्या एकाला धरून ती उभी राहिली. मागून चौदा माणसं एकेक करून वर आली आणि चहाचं नाव न काढता निघून गेली.

"ताई," धाकटा दबक्या आवाजात म्हणाला, "आपल्याला एक मामा होता."

"माहीत आहे."

"माहीत आहे? कधीपासून?"

"मी दहा वर्षांची होते तेव्हापासून."

"मग मला का नाही सांगितलं?"

"आईनं सांगू दिलं नाही. म्हणाली, त्याला कळलं तर तो काहीतरी दुरुस्त करायला जाईल." ताईनं बॅग खाली ठेवली. "अरे, म्हणून तर पन्नास वर्षांत मी तिला या गल्लीत आणलं नाही!"

धाकट्याला जमीन दुभंगून आत घेईल तर बरं असं झालं. पण आत तळघर होतं, आणि त्यातून तो आत्ताच बाहेर आला होता. गाइडबाई छत्री मिटून जवळ आल्या आणि त्यांनी अभिप्रायाचा कागद पुढे केला. धाकट्यानं लिहिलं, "फेरी चांगली आहे. दीड तास म्हणता, पाच लागतात."

दुसऱ्या दिवशी सकाळच्या गाडीनं, लग्नाची वाट न बघता, ताई आईला घेऊन गेली. ठरल्याप्रमाणे.

आई त्याच वर्षी थंडीत वारली, ताईच्या घरी, नातीच्या लग्नानंतर नवव्या दिवशी, मंगळवारी दुपारी तीन वाजता. धाकटा रात्रीच्या गाडीनं पोचला.