अर्धा तास, न थांबता

"अर्धा तास. भराभर. आणि मध्ये कुठेही थांबायचं नाही." डॉक्टरीणबाईंनी कागदावर 'न थांबता' या शब्दांखाली दोन रेघा ओढल्या. "महिन्याभरात साखर उतरली नाही, तर गोळ्या. गोळ्यांनीही नाही भागलं, तर इंजेक्शन. रोज. पोटात."

बू मुर्तिनीने, म्हणजे मुर्तिनीबाईने, यातला शेवटचा शब्द तेवढा नीट ऐकला. गेली बावीस वर्षं ती शाळेचे गणवेश शिवत होती. दिवसातून हजार वेळा तिची सुई कापडातून आरपार जायची, आणि तिला काही वाटायचं नाही. पण कापडाच्या जागी स्वतःचं पोट आहे असं नुसतं मनात आणलं, तरी ती हातातलं काम खाली ठेवायची. घरी येईपर्यंत तिने ठरवून टाकलं. चालायचं. मरेपर्यंत चालायचं, पण ती सुई नको.

घरात हे फक्त रात्रीला माहीत होतं. रात्री म्हणजे तिची दहावीतली मुलगी. नवऱ्याला, पाक दार्सोनोला म्हणजे दार्सोनोरावाला, सांगण्यात अर्थ नव्हता. माणूस सोन्यासारखा, पण त्याला सकाळी सांगितलेली गोष्ट दुपारी मशिदीच्या भोंग्यावरून ऐकू यायची तेवढीच बाकी असायची. सुदैवाने तो दोन दिवस तापाने अंथरुणात होता.

रविवारी सकाळी साडेसहाला रात्रीने आईच्या पायात स्वतःचे खेळाचे बूट चढवले, नाड्या आवळल्या आणि घड्याळ लावलं. "हं, इबू! हात हलव. असे. नाही गं, माश्या मारल्यासारखे नाही!"

बू मुर्तिनी निघाली. आठ पावलं गेली.

"कुठे निघालात, बू?" शेजारच्या बू परियेमने अंगण झाडता झाडता विचारलं.

आता या गल्लीत असं विचारल्यावर न थांबता पुढे जाणं म्हणजे समोरच्याच्या तोंडावर दार लावणं. बू मुर्तिनी थांबली. "काही नाही, इथेच, जरा पुढे." बू परियेमच्या कमरेच्या दुखण्याची चौकशी झाली, मुर्तिनीच्या नवऱ्याच्या तापाची झाली, आणि ती पुढे सरकली. पुढच्या घराच्या बाकावर म्बा कार्तो, म्हणजे कार्तोआजोबा, बसलेले. वय नव्वद. मोठ्या माणसासमोरून ताठ मानेने तरातरा जाईल ती बाई कुठल्या घरची? कमरेत वाकून, एक हात जमिनीकडे धरून, हळूच "येते हं, म्बा" म्हणत जायचं. पण बसल्या जागेवरून म्बांना नुसता कपड्यांचा रंग दिसायचा, तोंड नाही. "कोण गं तू?" मग कोण, कुणाची, आजोबा कोण, हे सगळं झालं. तिसऱ्या घरी तर चहा समोरच आला. वाफाळता, काळाकुट्ट, चार चमचे साखरेचा. या गल्लीत समोर ठेवलेला पेला परत आत गेलेला कुणी पाहिलेला नाही. तो कुणाला तरी प्यावाच लागतो. चौथ्या घरी चहाबरोबर केळ्याची भजी होती.

अर्धा तास संपला तेव्हा ती घरापासून सहाव्या दारात होती, आणि तिच्या पोटात तीन पेले गोड चहा होता.

"इबू, तू चालायला गेली होतीस की पाहुणचाराला?" रात्रीने कपाळावर हात मारला.

"मग काय करू? तोंड फिरवून जाऊ? उद्या आपल्या घरी कोण येईल?"

पोरगी विचारात पडली. मग तिच्या चेहऱ्यावर ते हसू आलं, जे आलं की शाळेत मुख्याध्यापकांना घाम फुटायचा. "थांबवतात कुणाला? रिकामटेकड्या दिसणाऱ्या माणसाला. तू उद्या तोंड गंभीर कर. अगदी गंभीर. ओठ घट्ट. नजर समोर. कुणी काही विचारलं तर नुसती मान हलव. घाईतल्या माणसाला कुणी चहा विचारत नाही!"

दुसऱ्या दिवशी सोमवार. शाळेत झेंडावंदन, म्हणून पोरगी सव्वासहालाच सायकल मारत निघून गेली. बू मुर्तिनीने एकटीनेच नाड्या बांधल्या, आरशात पाहून तोंड गंभीर केलं आणि पोटातल्या सुईचा विचार केला. त्याने तर तोंड अधिकच छान गंभीर झालं.

"कुठे निघालात, बू?"

बू मुर्तिनीने ओठ मिटलेले ठेवून मान हलवली आणि सुसाट पुढे गेली.

बू परियेमचा झाडू हातातच राहिला. तिने या गल्लीत पन्नास वर्षं काढली होती, आणि एवढ्या घाईने, असं तोंड करून, उत्तर न देता जाणारा माणूस तिने एकदाच पाहिला होता. त्याच्या घरी वडील वारले होते आणि तो मौलवींना बोलवायला चालला होता. हिच्या घरी तर नवरा दोन दिवस आजारी. काल पहाटे नमाजाला नव्हता. आजही नव्हता.

"अरे देवा," बू परियेम पुटपुटली. तिने झाडू टाकला, डोक्यावरचा रुमाल नीट केला आणि ती मागोमाग निघाली. दुःखात असलेल्या माणसाला तोंडावर विचारायचं नसतं, एकटंही सोडायचं नसतं. चार पावलं मागे राहून सोबत करायची असते. वाटेत तिने तिसऱ्या घराच्या खिडकीत नुसती मान घातली. "पाक दार्सोनो…" एवढंच म्हणाली. पुढचं डोळ्यांनी सांगितलं.

बू मुर्तिनी मात्र हवेत होती. म्बा कार्तोंच्या समोरून ती वाकून पण धावत्या चालीने गेली, आणि म्बा एक अक्षर बोलले नाहीत! चहाच्या घरातून चहा आला नाही! शिकवावं तर पोरीने शिकवावं. दहा मिनिटं झाली. घड्याळ म्हणत होतं, छान. मग तिला मागे चपलांचा आवाज ऐकू आला. सपक, सपक, सपक.

तिने कान दिला. एक जोडी नव्हती. पाच-सहा होत्या.

"आल्या," ती मनात म्हणाली. "चहा घेऊन मागे आल्या!" आणि तिने वेग वाढवला.

मागच्या बायकांनीही वाढवला. "बिचारीला भान नाही," बू परियेम धापा टाकत म्हणाली. "सोडू नका गं तिला, कालव्याकडे चाललीय!" हे ऐकून आणखी दहा-बारा जणी घरांतून बाहेर आल्या. एकीच्या हातात तव्यावरचा उलथना तसाच होता. भाताच्या शेतांमधून पुढे बू मुर्तिनी, मागे वीसेक बायका, अशी वरात निघाली. पाठीमागे मेरापीचा ज्वालामुखी डोंगर धूर सोडत होता. तेवढा एकटाच काय तो आपल्या जागी निवांत होता.

इकडे गल्लीत काय झालं ते तिला नंतर कळलं. बातमी गल्लीप्रमुख पाक सुगेंग यांच्यापर्यंत पोचायला सहा मिनिटं लागली. पाक सुगेंग म्हणजे उत्साहाचा झरा. लग्न असो, मयत असो, खुर्च्या वेळेवर लागल्या पाहिजेत! त्यांनी कोठार उघडलं, आठ माणसं कामाला लावली, आणि पाक दार्सोनोच्या अंगणात बांबू, ताडपत्री आणि चाळीस प्लास्टिकच्या खुर्च्या येऊन पडल्या.

बांबूंच्या खडखडाटाने पाक दार्सोनोला जाग आली. लुंगी सावरत तो दारात आला. "काय चाललंय?"

दोघांच्या हातून बांबू सुटले. एक जण देवाचं नाव घेत मागे सरकला. पाक सुगेंग मात्र तयारीचे गडी. जिवंत माणसाला 'तुम्ही मेलात म्हणून आलो' असं कसं म्हणणार? त्यांनी घसा खाकरला आणि हळुवार आवाजात सांगितलं, "पाक, धीर धरा. बू मुर्तिनी मघाशी… तशा चालत गेल्या."

"तशा म्हणजे?"

पाक सुगेंगनी करून दाखवलं.

पाक दार्सोनो मटकन खुर्चीत बसला. अशी बायको त्याने लग्नाच्या दिवशीही पाहिली नव्हती. मग त्याच्या डोक्यात उजेड पडला. प्रांबानन गावची सासू! गेली असणार. आणि आपल्याला ताप, म्हणून तिने उठवलंसुद्धा नाही. एकटीच निघाली दुःख गिळून! केवढं मन बाईचं! त्याचे डोळे भरून आले. त्याने काळी टोपी घातली आणि सासूबाईंच्या मयतीच्या खुर्च्या स्वतः मांडायला घेतल्या.

अठ्ठावीस मिनिटं झाली होती. बू मुर्तिनी शेवटच्या वळणावर आली, दोनच मिनिटं उरली म्हणून हसली, आणि समोर बघते तो काय! तिच्याच अंगणात मांडव. तिच्याच दारात खुर्च्या.

ताप. दोन दिवसांचा ताप. आणि ती चालायला गेली होती!

बू मुर्तिनी आयुष्यात पहिल्यांदा पळाली. "पाक! अहो पाक!" मागच्या वीस जणीही रडत पळाल्या. मांडवात शिरते तर नवरा समोर, डोक्यावर दोन खुर्च्या. तिने त्याला गच्च धरलं आणि हुंदके देऊ लागली.

"रड, रड, मोकळी हो," तो तिच्या पाठीवरून हात फिरवत म्हणाला. "आई फार चांगल्या होत्या गं."

हुंदका अर्ध्यावर थांबला. "कुणाची आई?"

"तुझी."

"माझी आई गेली?" बू मुर्तिनी किंचाळली. "कधी?"

"मला काय विचारतेस? तूच तर तिकडे निघाली होतीस ना!"

कुणीतरी फोन लावला. प्रांबाननहून सासूबाईंचा खणखणीत आवाज साऱ्या मांडवाला ऐकू आला. "हॅलो? पटकन बोला, मी कोंबड्यांना दाणे टाकतेय. काय? मी? कोण म्हणतं? नाव सांग त्याचं!"

फोन बंद झाला. पाक सुगेंगनी चाळीस खुर्च्यांवरून नजर फिरवली. "मग गेलं कोण?" त्यांच्या आवाजात दुःखापेक्षा त्रागाच जास्त होता.

"कुणी नाही!" बू मुर्तिनीचा बांध फुटला. "कुणी मेलेलं नाही! मी चालत होते! नुसती चालत होते! मला साखर झालीय, डॉक्टरांनी सांगितलंय, अर्धा तास, न थांबता! दोन मिनिटं राहिली होती हो, फक्त दोन मिनिटं!"

मांडवात चाळीस तोंडं एकदम उघडली. कडू पानांचा काढा घ्या. भात सोडा. भात सोडू नका. माझ्या मावसभावाचा तर पाय कापावा लागला! बू मुर्तिनीने डोळे मिटले. जे नवऱ्यापासून लपवलं होतं, ते आता कोंबड्यांनासुद्धा माहीत झालं होतं.

पाक सुगेंगनी खुर्चीवर उभं राहून निर्णय दिला. यापुढे बू मुर्तिनी एकट्या आणि तोंड पाडून चालणार नाहीत. लोकांच्या काळजाला ते सोसत नाही. रोज बू परियेम सोबत जातील. आणि गोड चहाचा थेंबही बू मुर्तिनींच्या पोटात जाऊ देणार नाहीत.

"जबाबदारी माझी!" बू परियेमने छातीवर हात मारला.

आणि तिने ती निभावली. महिनाभर रोज सकाळी साडेसहाला ती दारात हजर. पण चालणं? दर घरापाशी बू परियेम उभी राहायची, आधी साखरेची बातमी ताजी करून सांगायची, मग त्या घरातल्यांची विचारपूस. यजमानीण नेहमीच्या सवयीने दोन पेले आणायची. बू मुर्तिनीचा हात पुढे जायच्या आत बू परियेम गरजायची, "हिला नको!" पण आलेला पेला परत पाठवणं म्हणजे घरच्या लक्ष्मीचा अपमान. मग बू परियेम आपला पेला संपवायची, आणि एक सुस्कारा सोडून मुर्तिनीचाही. "तुमच्यासाठी करावं लागतं हो, बू." भज्यांचंही तसंच.

"परियेम, आपण जरा भराभर चालूया का?" बू मुर्तिनी दात आवळून विचारायची.

"चालतोच आहोत की! आणि घाई कशाला? परत मांडव घालायला लावायचाय का पाक सुगेंगना?"

अर्ध्या तासात पाच घरं. रोज. घरी आल्यावर बू मुर्तिनी बूट कोपऱ्यात भिरकावायची आणि पोरीकडे बघून म्हणायची, "पोटात सुई परवडली गं, पण ही बाई नको."

महिना भरला. दवाखान्यात एकटीने जायची सोय कुठली! पाक सुगेंगच्या उघड्या टेम्पोत अकरा बायका बसून आल्या, पुढे बू परियेम. डॉक्टरीणबाईंनी रक्ताचा थेंब घेतला. बू मुर्तिनीने डोळे मिटून घेतले, मान भिंतीकडे वळवली. आता येणार तो शब्द.

"एकशे अठ्ठावीस!" डॉक्टरीणबाई खुर्चीतून उठल्याच. "दोनशे दहावरून! बघा, मी सांगत होते ना? भराभर चालण्यासारखं औषध नाही! न थांबता चाललात ना?"

बू मुर्तिनीने बुटांकडे पाहिलं. "खूप… झालं चालणं," ती म्हणाली.

"मी सोबत होते हो रोज!" बू परियेम अभिमानाने पुढे सरसावली. "एक दिवस खाडा नाही."

"अरे वा! मग तुमचीही बघू या, बसलाच आहात तर." डॉक्टरीणबाईंनी तिचं बोट धरलं. थेंब घेतला, यंत्राकडे पाहिलं. यंत्र हलवलं. दुसऱ्या बोटाचा थेंब घेतला. मग त्यांनी हळूच कागद पुढे ओढला.

"दोनशे सत्तर," त्या म्हणाल्या. "बू, तुम्हाला उद्यापासून अर्धा तास भराभर चालावं लागेल. न थांबता. आणि गोड चहा बंद. एक थेंब नाही. नाहीतर इंजेक्शन. सोबतीला कुणी आहे का लक्ष ठेवायला?"

बू परियेम कागदासारखी पांढरी पडली. अकरा बायकांच्या माना एकदम बू मुर्तिनीकडे वळल्या.

महिन्याभरात पहिल्यांदाच बू मुर्तिनी मनापासून हसली. तिने बू परियेमचा गार पडलेला हात प्रेमाने आपल्या हातात घेतला आणि म्हणाली, "मी आहे ना. तुम्ही बिनघोर राहा, बू. तुमच्या वाट्याचा चहा मी पिते."