धरणरावांनी पेपर बंद केला

मागच्या खोलीचं दार आता अर्धंच उघडत होतं. दारामागे पेपर होते, पेपरांमागे पलंग होता आणि पलंगावर पुन्हा पेपर होते. रोज सकाळी पेपर आला की घरचे यजमान त्याच्याकडे प्रेमाने बघत, "रविवारी निवांत वाचू," म्हणत आणि त्याला मागच्या खोलीत नेऊन ठेवत. रविवारी ते निवांत झोपत. रद्दीवाला आला तर त्याला दारातूनच परत पाठवत, कारण न वाचलेला पेपर रद्दीत घालणं म्हणजे त्यांना वाढलेल्या ताटावरून उठल्यासारखं वाटे.

त्यांची बायको दातांची डॉक्टर होती. किडलेलं काही जवळ बाळगायचं नाही हा तिचा धंदाच, तरी नवऱ्याच्या बाबतीत तिने बरीच वर्षं सोसलं. पण तिच्या आईचा पाय न्हाणीघरात घसरला, खुब्याचं हाड मोडलं, ऑपरेशन झालं आणि जिना चढायचा नाही असं डॉक्टरांनी बजावलं. आई आता मुलीकडे राहायला येणार होती. घरात खाली झोपायची खोली एकच होती, ती ही.

"आई रविवारी येतेय," बायको म्हणाली. "असलेली रद्दी मी घालवते, पण आधी पेपर बंद करा. नळ चालू ठेवून फरशी पुसण्यात अर्थ नाही. रविवारी त्या खोलीत नवा पेपर दिसला, तर मी आईला घेऊन दवाखान्याच्या मागच्या खोलीत राहायला जाईन. तुम्ही बसा इथे पेपरांबरोबर."

बायको बोलल्याप्रमाणे करते, हे यजमानांना लग्नापासून माहीत होतं. पण त्यांना यात अवघड असं काही दिसलं नाही. ते एका व्यायामशाळांच्या कंपनीत होते आणि सभासदत्व सोडू पाहणाऱ्यांचे फोन त्यांच्याकडे येत. सोडणाऱ्याला सोडू न देणं, हेच त्यांचं काम. गुडघा दुखतो म्हणणाऱ्याला ते पोहण्याचा वर्ग चिकटवत आणि गाव सोडून निघालेल्याला दोन्ही गावांची सभासदत्वं. त्यांच्यापर्यंत आलेलं पाणी पुढे जात नाही म्हणून ऑफिसात त्यांना धरणराव म्हणत. या धंद्याच्या सगळ्या खोड्या ज्याला ठाऊक, त्याला कोण अडवणार?

पेपरच्या कचेरीत फोन एका मुलीने उचलला. आवाज गोड होता. कारण विचारल्यावर धरणराव म्हणाले, वाचायला वेळ मिळत नाही. मुलीने विचारलं, म्हणजे सकाळी मिळत नाही, असंच ना? धरणराव एकदम सावरून बसले. गिऱ्हाइकाच्या तक्रारीतूनच नवा माल काढायचा ही युक्ती त्यांची स्वतःची होती आणि पोरीने ती काय सफाईने वापरली होती.

"मुलगी फार तयारीची आहे," रात्री जेवताना त्यांनी कौतुकाने सांगितलं.

"पेपर बंद झाला का?"

"सकाळचा येईलच. आता संध्याकाळचाही येईल. पण तो निम्म्या किमतीत."

बायकोने भाताचं भांडं खाली ठेवलं आणि पुढे काही वाढलं नाही.

दुसऱ्या दिवशी धरणरावांनी वेळेचा विषयच काढला नाही. डोळे दुखतात म्हणून सांगितलं. मुलीने फार हळहळून डोळ्यांची चौकशी केली आणि मोठ्या टाइपातलं पाक्षिक सुरू करून दिलं. मग तिने विचारलं, घरात लहान मुलं आहेत का? नाहीत, असं त्यांनी ठणकावून सांगितलं. पाहुण्यांची येत असतील, ती म्हणाली. आता पाहुण्यांची मुलं येतात, हे खोटं कसं म्हणणार? घरात मुलांचं मासिकही चालू झालं.

त्या संध्याकाळी बायकोने दवाखान्यातून दात तपासायचं भिंग घरी आणलं, वर्गणीची पावती उलटी केली आणि मागची बारीक अक्षरं वाचायला घेतली.

"हे ऐका. वर्गणीदार केव्हाही लेखी कळवून पेपर बंद करू शकतो. कारण द्यायची अट नाही. उरलेल्या वर्गणीचे पैसे परत मिळतात. कळवल्याची पोच मागून घ्यायची. इतकं सरळ लिहिलंय."

"पण मी फोनवर हो म्हणालो ना."

"मग आता कागदावर नाही म्हणा. गिऱ्हाईक आहात तुम्ही त्यांचे. व्याही नाही, मान राखत बसायला."

खरं तर धरणरावांना हे सगळं पाठ होतं. त्यांच्या कंपनीच्या पावतीमागेही असलाच मजकूर होता आणि कुणी पावती उलटी करू नये यासाठीच त्यांना पगार मिळत होता. तरी पावतीच्या त्या बाजूला आपण कधी जाऊ असं त्यांना वाटलं नव्हतं.

त्यांनी पत्र लिहिलं. त्यात आजवरच्या सेवेबद्दल आभार होते, झालेल्या तसदीबद्दल क्षमा होती, शब्दकोड्याची स्तुती होती आणि शेवटी कचेरीतल्या सर्वांना शुभेच्छा होत्या. बायकोने लाल पेन्सिल घेतली. 'माझ्या सर्व वर्गण्या आजपासून बंद कराव्यात व पोच द्यावी' एवढं एक वाक्य जगलं. धरणरावांनी फार गयावया केल्यावर आधी 'कृपया' लावायची परवानगी मिळाली. पत्र गेलं.

शनिवारी दुपारी मुलीचाच फोन आला. पत्र मिळालं, पण फार कोरडं होतं, ती म्हणाली. ती नोकरीवर नवीन होती आणि अजून तिच्या हातून एकही गिऱ्हाईक सुटलं नव्हतं. सुटलं तर तिला बिलांच्या विभागात टाकणार होते. धरणरावांचं काळीज लगेच पातळ झालं. भीड भिकेची बहीण म्हणतात, ते काही उगीच नाही. एवढी हुशार पोर बिलं चिकटवत बसणार, हे त्यांना बघवेना. निदान विद्या तरी द्यावी, म्हणून ते शिकवायला बसले.

"तू बोलतेस फार," ते म्हणाले. "गिऱ्हाईक नाही म्हणालं ना, की गप्प बसायचं. एक अक्षर बोलायचं नाही. फोनवरची शांतता माणसाला सोसत नाही. तो आपणहून बोलायला लागतो, आणि बोलायला लागला की राहतो."

"थँक्यू सर, खूप चांगलं सांगितलंत. मग तुमचं काय ठरलं?"

"बंद," धरणराव म्हणाले.

मुलगी गप्प बसली.

या शांततेच्या अलीकडे धरणराव आयुष्यभर बसले होते, पलीकडे आज पहिल्यांदाच आले. मान घामेजली. 'बरं, रविवारचा तेवढा चालू ठेव,' हे शब्द अगदी जिभेच्या टोकावर आले. तेवढ्यात मागच्या खोलीचं दार उघडलं, पुरतं उघडलं. बायको रद्दीचा शेवटचा गठ्ठा ओढत बाहेर आली. केसांत धूळ होती, हात काळे झाले होते आणि तिच्या मागे पलंगावर धुतलेली चादर नीट अंथरलेली दिसत होती. ती थांबून त्यांच्याकडे बघत राहिली. धरणरावांनी ओठ दाताखाली धरले.

"सर, आहात ना?" शेवटी मुलीने विचारलं.

"आहे. बंद."

"पोच पाठवते," मुलगी बारीक आवाजात म्हणाली. धरणराव जिंकले होते, पण लहान पोराच्या हातातला खाऊ काढून घेतल्यासारखं त्यांना वाटत राहिलं.

रविवारी सासूबाई आल्या, खोली त्यांना आवडली आणि घर शांत झालं. पुढच्या सुट्टीच्या दिवशी धरणराव त्यांना चहा घेऊन गेले, तर आतून दबका आवाज येत होता.

"अहो, आता कुठली मी पोहायला येणार... हाड मोडलंय माझं... हो, जुळेल म्हणा... पाण्यातला व्यायाम? तो वेगळा असतो का? ... दोन वर्षांचा?"

पलीकडून कोण काय बोलतंय, हे धरणरावांना न ऐकताही शब्दन् शब्द कळत होतं. ते सगळं त्यांनीच ऑफिसातल्या पोरांना शिकवलं होतं. सासूबाईंचं सभासदत्वही त्यांनीच एका वर्षी आपला आकडा भरायला काढलं होतं. बाईंनी व्यायामशाळेच्या तलावात आजवर पायाचा अंगठासुद्धा बुडवला नव्हता.

जावयाला बघून सासूबाईंनी फोन उशीखाली सरकवला. "तुमच्या शब्दाखातर घेतलं होतं हो," त्या ओशाळून म्हणाल्या. "तुम्हाला वाईट वाटेल म्हणून बोलले नाही. आता तर पोहण्याचाही वर्ग आणि पाण्यातल्या व्यायामाचाही, दोन्ही झालेत."

धरणरावांना चहाचा कप कुठे ठेवावा हे कळेना, इतकी लाज वाटली. त्यांनी खुर्ची ओढली, कागद घेतला आणि सासूबाईंना एका वाक्याचं पत्र सांगितलं. कारण द्यायचं नाही. उरलेले पैसे परत मागायचे. पोच मागायची.

"आणि फोन आला तर?"

"गप्प बसायचं, आई. फोनवर कुणीही असो."

पत्र लिहिणाऱ्याला फोन करायचा असा कंपनीचा नियम होता आणि लेखी आलेलं अवघड गिऱ्हाईक धरणरावांकडेच जाई. त्यातून धरणराव कसे अडवतात हे नव्या लोकांना दाखवायचं म्हणून साहेब स्वतः कानाला हेडफोन लावून शेजारी बसले. धरणरावांनी आपल्याच घरचा नंबर फिरवला.

"नमस्कार. आपलं पत्र मिळालं. आपण सभासदत्व का सोडताय, कळेल का?"

पलीकडून काही नाही.

त्यांनी हाडाची चौकशी केली. पाण्यात वजन जाणवत नाही हे सांगितलं. सहा महिने थांबवून ठेवू म्हणाले. पलीकडे फक्त दिवाणखान्यातल्या घड्याळाची टिकटिक ऐकू येत होती. साहेबांनी डोळ्यांनी खूण केली, म्हणजे आता हुकमी पान टाका. धरणराव गप्प बसले. सासूबाई आधीपासूनच गप्प होत्या. साहेबांनी घड्याळ बघितलं, पेन टेबलावर आपटलं, खुर्ची मागेपुढे केली. धरणरावांचा सदरा पाठीला चिकटला.

"ठीक आहे," शेवटी धरणराव म्हणाले. "बंद करतो. पोच आजच मिळेल."

साहेबांनी हेडफोन काढून ठेवला आणि ते उठून गेले. "धरण फुटलं," मागून कुणीतरी म्हणालं.

"जावईबापू," आता कुठे फोनमधून आवाज आला, "बरोबर केलं ना मी?"

"अगदी बरोबर, आई."

"मग येताना एखादा पेपर घेऊन या. या खोलीत वाचायला म्हणून काही नाही."