राक्षस येताच हॉल झोपला

मुलांची नस मला जितकी कळते तितकी त्यांच्या आयांनाही कळत नाही, असं मी चारचौघांत छाती ठोकून सांगायचो. का नाही सांगणार? उभी हयात मुलांच्या मालिकांना संगीत देण्यात गेली. झोपायच्या वेळी टीव्हीवर लागते ती अस्वलाची अंगाई माझीच. बायकोच्या थोरल्या भावाने मुलांचा चित्रपट काढला, तेव्हा ती म्हणाली, "दादा, घरचा संगीतकार सोडून बाहेर कशाला बघतोस?"

माझा पहिला चित्रपट! जीव ओतला. पण राक्षस गुहेतून बाहेर येतो तिथे घोडं अडलं. काही केल्या सुचेना. मग एके सकाळी दाढी करताना एक चाल अशी अलगद उतरली की स्वतःचीच दृष्ट काढावीशी वाटली. तिच्यावर ढोल चढवले, ट्रंपेट चढवले.

दादा खूश. "जावईबापू, पोरं खुर्चीखाली लपतील."

पहिल्या खेळाला हॉलमध्ये नुसता मासळीबाजार. राक्षसाने गुहेतून डोकं काढलं, ढोल घुमले आणि सगळं चिडीचूप झालं. मी दादांना कोपराने ढोसलं. "बघा, श्वास रोखलेत."

दादांनी मागे पाहिलं. चेहरा पांढराफटक. "रोखलेत कुठले? घोरतायत."

मी वळून पाहिलं. पडद्यावर गाव जळत होतं आणि पोरं ओळीने आडवी. कुणाच्या तोंडात अंगठा, कुणाची मान शेजाऱ्याच्या खांद्यावर. मागच्या रांगेतली एक आई कौतुकाने कुजबुजली, "अस्वलाची अंगाई ना? ढोल जरा जास्त आहेत, पण आमची हिच्यावर लगेच झोपते."

मी चाल मनात म्हणून पाहिली. सूरन्‌सूर तोच. आपल्याच घरात चोरी केली होती आणि चोराला पत्ता नव्हता.

"उठवा त्यांना," दादा घोगऱ्या आवाजात म्हणाले. मी टाळ्या वाजवत निघालो, तर दोन आया आडव्या आल्या. "हात तर लावून बघा."

दादांनी दुसरा संगीतकार आणला. सगळं संगीत बदललं. बायकोने माझ्याशी अबोला धरला. नव्या खेळाच्या संध्याकाळी दादांचा फोन आला. आवाज पार बसलेला.

"एकही पोर पेंगलं नाही, जावईबापू. टक्क जागी राहून अख्खा चित्रपट पाहिला."

"मग चांगलं झालं की."

"काय चांगलं? चित्रपट कसा आहे ते त्यांना कळलं. तुमची ती चाल पुसली तर नाहीत ना?"